जमीनविक्रीचे वाद : ‘दिवाणी स्वरूप’ ह्या न्यायसूत्राचे परीक्षण

१

जमिनीच्या खरेदीविक्रीतून उद्भवणारा वाद दिवाणी न्यायालयाचा की फौजदारी न्यायालयाचा, हा प्रश्न आपल्या विधिविचारात जुनाच आहे. तथापि त्याचे उत्तर देताना आज जे सूत्र सर्रास वापरले जाते, त्याचे परीक्षण मात्र पुरेसे झालेले दिसत नाही. ‘हा वाद दिवाणी स्वरूपाचा आहे’ हे ते सूत्र होय. पोलीस ठाण्यातील अंमलदार तक्रारदारास परत पाठविताना ह्याच शब्दांचा आश्रय घेतो, आरोपीचा वकील फिर्याद रद्द करून मागताना हेच शब्द उच्चारतो, आणि उच्च न्यायालयही अनेकदा ह्याच शब्दांवर निर्णय उभारते. तिन्ही ठिकाणी शब्द एक असले तरी अर्थ एक नसतो, आणि ह्या अर्थभेदाकडे दुर्लक्ष झाल्यामुळे सूत्राचा उपयोग कधी अन्याय थोपविण्यासाठी, तर कधी अन्याय झाकण्यासाठी होतो, हे दाखविणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

विवेचनाला स्थानिक आधार असावा म्हणून मिरा-भाईंदर हा प्रदेश समोर ठेवला आहे. साष्टीच्या उत्तर टोकाचा हा भाग मिठागरे, खारजमिनी, भातशेती आणि कोळी, आगरी व ख्रिस्ती वस्त्यांची गावे यांचा होता. मिरा, भाईंदर व घोडबंदर ही गावे सरकारने १८७० साली ९९९ वर्षांच्या पट्ट्याने दिली. पुढे तो पट्टा हस्तांतरित झाला, आणि पट्टेदाराचे हक्क कोणते व कसणाराचे कोणते ह्याविषयीचा वाद आजच्या पिढीपर्यंत येऊन पोहोचला. साष्टीतील इस्टेटींच्या महसूलमाफीचे उच्चाटन करणारा कायदा १९५१ मध्ये झाला. त्यापूर्वीच, १९४८ साली, मुंबई कुळवहिवाट व शेतजमीन अधिनियम आला होता आणि १ एप्रिल १९५७ हा ‘कृषकदिन’ ठरला. १९७६ मध्ये नागरी जमीन कमाल धारणा कायदा लागू झाला व २००७ मध्ये महाराष्ट्रात त्याचे निरसन झाले. दरम्यान १९८५ मध्ये गावे एकत्र करून नगरपरिषद आणि २००२ मध्ये महानगरपालिका स्थापन झाली. एकाच भूमीवर हक्कांचे इतके थर साचले असता तेथील विक्रीव्यवहार वादग्रस्त होणे अपरिहार्यच होते. म्हणून जे सूत्र अशा प्रदेशात टिकेल, ते अन्यत्रही टिकेल असे मानण्यास हरकत नाही.

२

सूत्राचे मूळ १८६० च्या भारतीय दंडसंहितेतच आहे. कलम ४१५ मध्ये फसवणुकीची व्याख्या देऊन संहिताकारांनी उदाहरणे जोडली होती. त्यांपैकी एक निळीच्या झाडांचे आहे. झाडे पुरविण्याचा मुळातच मानस नसता, पुरवीन अशी समजूत करून देऊन जो आगाऊ पैसे उचलतो, तो फसवणूक करतो. परंतु पैसे घेताना पुरविण्याचा मानस असून नंतर जो करार मोडतो, त्याच्यावर केवळ करारभंगाचा दिवाणी दावा चालतो. दुसरे उदाहरण थेट स्थावर मिळकतीचे आहे. एकदा मिळकत विकून हस्तांतरित केल्यावर, आपला हक्क उरलेला नाही हे ठाऊक असूनही, पहिली विक्री लपवून तीच मिळकत दुसऱ्यास विकणारा वा गहाण देणारा मनुष्य फसवणूक करतो. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता लागू झाली आणि फसवणुकीचे कलम ३१८ झाले. मूळ कल्पना मात्र बदललेली नाही.

ह्या दोन उदाहरणांत सर्व तत्त्व सामावले आहे. अपराध ठरतो तो व्यवहाराच्या आरंभीच्या हेतूवरून. सर्वोच्च न्यायालयाने हृदयरंजन प्रसाद वर्मा (२०००) ह्या बिहारमधील जमीनविक्रीच्या प्रकरणात हेच तत्त्व मांडले आणि सरबजीत कौर (२०२३) ह्या साठेखताच्या प्रकरणात त्याचा पुनरुच्चार केला. तत्त्व निर्विवाद आहे. अडचण त्याच्या उपयोजनात आहे.

हेतू ही मनातील गोष्ट. ती पुढील वर्तनावरूनच अनुमानावी लागते. मग ‘नंतरचे वर्तन अप्रस्तुत’ असे जे कधी कधी सुचविले जाते, ते अक्षरशः घेता येणार नाही. नंतरचे वर्तन हा अपराध नव्हे, पण तो आरंभीच्या हेतूचा पुरावा असू शकतो. पैसे घेतल्याच्या आठवड्यातच तीच सदनिका आणखी तिघांना विकणाऱ्याचा आरंभीचा हेतू काय होता, हे सांगण्यास फारसे पांडित्य लागत नाही. उलट, महानगरपालिकेची परवानगी अडली म्हणून तीन वर्षे ताबा देऊ न शकलेल्या मनुष्याच्या विलंबातून काहीच सिद्ध होत नाही. अपराध आणि अपराधाचा पुरावा ह्यांतील हा भेद अनेक निर्णयांत पुसट झालेला आढळतो.

३

दुहेरी विक्रीचे उदाहरण अधिक बारकाईने पाहू, कारण मिरा-भाईंदरसारख्या झपाट्याने वाढलेल्या शहरात तक्रारी बहुधा ह्याच स्वरूपाच्या असतात. समजा, ‘अ’ ने जानेवारीत ‘ब’ ला साठेखत करून दिले व इसार घेतला. भाव वाढल्यावर जूनमध्ये त्याने तीच जमीन ‘क’ ला खरेदीखताने दिली. येथे अपराध घडला काय?

प्रश्न असा एकवचनी विचारणे हीच चूक आहे. ‘ब’ च्या बाबतीत जानेवारीतील हेतू पाहावा लागेल. त्या वेळी विकण्याचा मानस खरा असेल, तर जूनमधील कृत्य हा करारभंग होय. ‘ब’ ने विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ खाली करारपूर्तीचा दावा लावावा. ‘क’ ला साठेखताची माहिती असल्यास त्याच्याविरुद्धही तो दावा चालतो. ‘क’ च्या बाबतीत मात्र जूनमधील हेतू निर्णायक आहे. पहिले साठेखत लपवून त्याच्याकडून पूर्ण किंमत घेतली असेल, तर तेथे फसवणुकीचा प्रश्न खरोखर उभा राहतो. संहितेतील उदाहरण मात्र येथे तंतोतंत लागू पडत नाही. त्यात पहिला व्यवहार पूर्ण हस्तांतरणाचा आहे, आणि मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाच्या कलम ५४ प्रमाणे साठेखताने मिळकतीत हितसंबंध निर्माण होत नाही. म्हणजे जूनमध्ये ‘अ’ मालक होता. त्याने खोटे सांगितले ते मालकीविषयी नव्हे, तर मालकीवर लोंबकळणाऱ्या दाव्याविषयी. एकाच कृत्याचा एका व्यक्तीशी दिवाणी आणि दुसऱ्या व्यक्तीशी फौजदारी संबंध असू शकतो. स्वरूप हा वादाचा गुण नसून, कोणास, केव्हा, काय सांगितले गेले ह्या संबंधाचा गुण आहे.

आता मौनाचा प्रश्न. हृदयरंजन प्रकरणात, कुटुंबातील वाटणीचा दावा प्रलंबित असल्याचे विक्रेत्यांनी सांगितले नाही अशी तक्रार होती, आणि न्यायालयाने कारवाई रद्द केली. त्या प्रकरणातील तथ्यांवर निर्णय योग्यही असेल. परंतु त्याच्या आधारे ‘न सांगणे हा केवळ दिवाणी दोष’ असा जो सिद्धान्त पुढे केला जातो, तो दोन कायद्यांच्या शब्दांशी विसंगत आहे. कलम ५५ विक्रेत्यावर मिळकतीतील व मालकीतील महत्त्वाचा दोष उघड करण्याचे कर्तव्य लादते, आणि ते उघड न करणे कपटपूर्ण होय असे तेच कलम अखेरीस म्हणते. दुसरीकडे, अप्रामाणिकपणे तथ्य लपविणे ही फसवणूकच होय, असे दंडसंहितेच्या कलमाचे स्पष्टीकरण सांगते. ह्यावरून प्रत्येक मौन अपराध ठरते असे नव्हे. दिवाणी कायद्यातील ‘कपट’ हा शब्द फौजदारी हेतूचा पुरावा होऊ शकत नाही. परंतु मौन आणि असत्य वचन ह्यांत सीमारेषा ओढण्याचा प्रयत्न निराधार आहे, एवढे मात्र निश्चित. विक्रेत्याला दोष ठाऊक होता काय, आणि तो कळला असता खरेदीदाराने पैसे दिले असते काय, हेच प्रश्न खरे होत.

४

मोहम्मद इब्राहिम विरुद्ध बिहार राज्य (२००९) ह्या निर्णयाने एक वेगळाच पेच निर्माण केला आहे. दुसऱ्याची जमीन आपली म्हणून विकणाऱ्याने खरेदीखत स्वतःच्या नावाने व स्वतःच्या सहीने केले असेल, तर ते बनावट दस्त ठरत नाही. कारण तो दुसरा कोणी असल्याची बतावणी करीत नाही. मूळ मालकाची फसवणूकही होत नाही. कारण फसविला जातो तो खरेदीदार. खरेदीदाराने तक्रार केल्यास फसवणुकीचा विचार होऊ शकेल, हे न्यायालयाने स्पष्ट केले आहे.

तर्कदृष्ट्या हा निर्णय निर्दोष आहे, हे मान्य केले पाहिजे. दंडविधानाचा अर्थ सहानुभूतीने ताणता कामा नये. परंतु व्यवहारात त्याचा परिणाम काय होतो? विक्रेता आणि खरेदीदार संगनमताने वागत असतील, तर तक्रार करणारा खरेदीदार उरतच नाही. मूळ मालकाच्या हाती नोंदलेला एक दस्त येतो, त्याआधारे फेरफाराचा अर्ज होतो, आणि तो रद्द करून घेण्यासाठी त्याने दिवाणी दावा लावावयाचा. दुय्यम निबंधक मालकीची चौकशी करणारा अधिकारी नव्हे, हे के. गोपी (२०२५) ह्या निर्णयाने पुन्हा अधोरेखित केले आहे. सातबारावरील नोंद महसुलापुरती असते, तीमधून मालकी उत्पन्न होत नाही, हे तत्त्वही सुस्थिर आहे. अर्थात दस्त नोंदविणारा मालकी पाहत नाही, फेरफार घेणारा मालकी ठरवीत नाही, आणि फौजदारी न्यायालय मालकाला तक्रारदार मानत नाही. तिन्ही विधाने स्वतंत्रपणे बरोबर आहेत. तिघांच्या मध्ये मालक मात्र एकटा उभा राहतो. ही उणीव न्यायालयाने नव्हे, विधिमंडळाने भरून काढावयाची आहे. निर्णयावर टीका करण्यापेक्षा त्याने उघड केलेली ही पोकळी दाखविणे अधिक फलदायी होय.

बनावटीकरणाचा खरा आरोप असतो तेथे परिस्थिती वेगळी असते. मिरा-भाईंदरमधील कमाल धारणा कायद्याखालील बनावट प्रमाणपत्रांच्या आधारे बांधकाम परवानग्या मिळविल्याच्या आरोपावरून २०१६ साली गुन्हा नोंदला गेला आणि २०२१ मध्ये त्याच्या तपासात अटका झाल्या. आरोपांचा निर्णय पुराव्यावर होईल. पण अशा प्रकरणाला ‘दिवाणी स्वरूपाचे’ म्हणता येणार नाही, कारण शासकीय लेख बनावट केल्याचा आरोप कोणत्याही खाजगी हक्काच्या निवाड्यावर अवलंबून नाही.

ह्या दृष्टीने आर. नागेंद्र यादव (२०२२) हा निर्णय तपासण्यासारखा आहे. खरेदीखतावरील सही बनावट असल्याचा आरोप होता, त्याच विषयाचा दिवाणी दावा प्रलंबित होता, आणि सर्वोच्च न्यायालयाने फौजदारी कारवाई रद्द केली. उलट कात्यायिनी (२०२५) ह्या प्रकरणात, भूसंपादनाचा मोबदला मिळविण्यासाठी खोटी वंशावळ व वाटणीपत्र केल्याच्या आरोपावरील कारवाई दिवाणी दावा प्रलंबित असूनही चालू ठेवण्यात आली. दोन्ही ठिकाणी आरोप बनावटीकरणाचाच असता एका ठिकाणी दावा अडथळा ठरतो आणि दुसऱ्या ठिकाणी ठरत नाही. प्रत्येक प्रकरणाची तथ्ये वेगळी, हे उत्तर अपुरे आहे. कोणत्या तथ्यामुळे फरक पडतो हे सांगितल्याशिवाय खालच्या न्यायालयांना मार्गदर्शन होत नाही. माझ्या मते ह्या बाबतीत कात्यायिनीचा मार्ग अधिक सुसंगत आहे. १९५४ मध्येच एम. एस. शेरिफ प्रकरणात न्यायालयाने दोन्ही कारवाया एकाच वेळी असू शकतात हे गृहीत धरून, सामान्यतः फौजदारीस अग्रक्रम द्यावा असे म्हटले होते. दिवाणी दावे वर्षानुवर्षे रेंगाळतात, हे त्याचे एक कारण होते. ते कारण आजही नाहीसे झालेले नाही.

५

मग ‘दिवाणी स्वरूप’ ह्या सूत्राचा दुरुपयोग नेमका कोठे होतो? त्यासाठी व्यवहारातील प्रलोभने पाहिली पाहिजेत. करारपूर्तीच्या दाव्यास मुदत अधिनियमाच्या अनुच्छेद ५४ प्रमाणे तीन वर्षांची मर्यादा आहे. सात वर्षांपर्यंत शिक्षा असलेल्या फसवणुकीच्या अपराधाची दखल घेण्यास अशी मर्यादा नाही. दाव्यास मूल्यानुसार न्यायालयशुल्क लागते. पोलिसांकडील तक्रारीस लागत नाही. दाव्यात पैसे मिळतात ते निकालानंतर. फौजदारीत आरोपी अटकेच्या भीतीने जामिनाच्या टप्प्यावरच तडजोड करतो. ज्याचा दावा मुदतबाह्य झाला किंवा ज्याला शुल्क टाळावयाचे आहे, त्याला फौजदारीचा मोह पडणे स्वाभाविक आहे. येथे मनुष्याचे स्वातंत्र्य हे वसुलीचे तारण बनते. इंडियन ऑइल (२००६) ह्या निर्णयात सर्वोच्च न्यायालयाने ह्या प्रवृत्तीस विरोध दर्शविला, आणि रिखब बिरानी (२०२५) ह्या गोदामविक्रीच्या प्रकरणात ५०,००० रुपयांचा खर्च बसविण्यापर्यंत मजल गेली.

आगाऊ रकमेस ‘न्यास’ मानून अपराधिक न्यासभंगाचे कलम जोडण्याची प्रथा ह्याच मोहातून आली. खरेदीदाराने दिलेली किंमत विक्रेत्याची होते, ती त्याच्याकडे ठेव म्हणून नसते. आणि एकाच तथ्यावर फसवणूक व न्यासभंग दोन्ही संभवत नाहीत, हे दिल्ली रेस क्लब (२०२४) ह्या निर्णयाने ठामपणे सांगितले. विधिमंडळाला जेथे अशी रक्कम न्यासासारखी वागवावयाची होती, तेथे त्याने तसे स्पष्ट लिहिले. महाराष्ट्राचा १९६३ चा मालकी सदनिका कायदा प्रवर्तकाने सदनिका घेणाऱ्यांकडून घेतलेल्या रकमा वेगळ्या खात्यात ठेवण्यास सांगतो, करार नोंदविण्याची सक्ती करतो, आणि त्याचा भंग दंडनीय ठरवितो. ह्यातून उलट अनुमान निघते : सामान्य जमीनविक्रीत असा न्यास नाही.

परंतु दुरुपयोगाची दुसरी बाजूही तितकीच खरी आहे. कुलमुखत्यारपत्रावर अंगठा घेऊन ज्या वृद्ध खातेदाराची जमीन विकली गेली, त्याला ठाण्यातून ‘दिवाणीत जा’ म्हणून परत पाठविले जाते, तेव्हा तपासाचा सर्वांत मोलाचा काळ वाया जातो. मूळ दस्त, साक्षीदार, बँकेतील व्यवहार ह्यांचा माग तेव्हाच लागू शकतो. ललिता कुमारी (२०१३) ह्या निर्णयाने दखलपात्र अपराधाची माहिती मिळताच नोंद करणे बंधनकारक केले आणि व्यापारी स्वरूपाच्या तक्रारींत मर्यादित प्राथमिक चौकशीस वाव ठेवला. नव्या नागरिक सुरक्षा संहितेने तीन वर्षे वा अधिक, पण सात वर्षांहून कमी शिक्षेच्या अपराधांत, वरिष्ठ अधिकाऱ्याच्या परवानगीने, चौदा दिवसांच्या चौकशीची तरतूद केली आहे. ही चौकशी म्हणजे तक्रारदारास परत पाठविण्याची सबब नव्हे. आरोपात अपराधाचे घटक आहेत काय एवढेच तिने पाहावयाचे आहे. निहारिका इन्फ्रास्ट्रक्चर (२०२१) ह्या महाराष्ट्रातून गेलेल्या प्रकरणात, तपासाला आरंभीच खीळ घालणाऱ्या सरसकट आदेशांविरुद्ध सर्वोच्च न्यायालयाने दिलेला इशारा ह्याच विचाराचा आहे.

शिवाय ‘दिवाणी की फौजदारी’ ह्या द्वंद्वात तिसरा मार्ग विसरला जातो. कुळवहिवाटीचा प्रश्न दिवाणी न्यायालयाने ठरवावयाचा नसून महसुली अधिकाऱ्याने ठरवावयाचा आहे, असे १९४८ च्या अधिनियमाचे कलम ८५ सांगते. कुळाने मिळविलेली जमीन परवानगीशिवाय विकली गेली असेल, तर प्रश्न कलम ४३ चा होतो. सदनिकेचा ताबा रखडला असेल, तर २०१७ पासून स्थावर संपदा प्राधिकरणाचा मार्ग आहे. ‘दिवाणीत जा’ हा सल्ला देणाऱ्याने निदान कोणत्या दाराकडे बोट दाखवावयाचे, हे जाणले पाहिजे.

६

उपर्युक्त विवेचनावरून असे म्हणता येईल की, ‘दिवाणी स्वरूप’ ह्या एका शब्दप्रयोगात तीन निरनिराळे निष्कर्ष दडलेले असतात. पहिला, आरोप जसेच्या तसे खरे मानले तरी अपराधाचे घटक पूर्ण होत नाहीत. दुसरा, घटक वरकरणी दिसत असले तरी तक्रार वसुलीचे साधन म्हणून केलेली आहे. तिसरा, अपराध संभवतो, पण मालकीचा निर्णय झाल्याशिवाय त्याचा निवाडा करणे इष्ट नाही. पहिल्यात कारवाई रद्द होणे योग्य आहे. दुसऱ्यात केवळ हेतूच्या मलिनतेवरून नव्हे, तर घटकांच्या अभावाशी त्याची सांगड घालूनच ती रद्द व्हावी. कारण मलिन हेतूचा तक्रारदारही खरोखर फसविलेला असू शकतो. तिसऱ्यात कारवाई रद्द नव्हे, आवश्यक वाटल्यास स्थगित व्हावी. तिन्हींस एकच नाव दिल्यामुळे तिसऱ्या वर्गातील प्रकरणे पहिल्या वर्गातील प्रकरणांप्रमाणे नष्ट होतात आणि पहिल्या वर्गातील आरोपी तिसऱ्या वर्गातील असल्याप्रमाणे वर्षानुवर्षे खटला भोगतात.

सर्वोच्च न्यायालयाने भजनलाल प्रकरणात रद्द करण्याच्या अधिकाराचे सात वर्ग सांगितले. त्यांत ‘दिवाणी स्वरूप’ हा स्वतंत्र वर्ग नाही, ही गोष्ट अर्थपूर्ण आहे. निर्णय देणाऱ्याने तारखांचा तक्ता मांडावा : पैसे कोणत्या दिवशी दिले, त्या दिवशी विक्रेत्याचा हक्क काय होता, त्याला काय ठाऊक होते, आणि त्याने ते कोणास सांगितले वा कोणापासून लपविले. बहुतेक वाद ह्या चार प्रश्नांनीच आपापल्या न्यायालयात जाऊन पोहोचतील. पदव्युत्तर अभ्यासकांनी जिल्हा न्यायालयांतील निर्णय ह्या चार प्रश्नांच्या कसोटीवर तपासून पाहिले, तर सूत्र कोठे तत्त्व म्हणून वापरले जाते आणि कोठे सबब म्हणून, हे स्पष्ट होण्यास साहाय्य होईल.